मानेजवळचा पिवळा

१

फाइल नाहीशी झाली ती गुरुवारी, आणि सोमवारी कामगार खात्याच्या समेट अधिकाऱ्यांपुढे आमची तारीख होती.

मला हे कळलं लॅबच्या मॅनेजरच्या फोनवरून. ना नमस्कार, ना चमत्कार. "वकीलबाई, तुमच्या अशिलाला सांगा, मुकाट्याने फाइल आणून दे. नाहीतर मी चोरीची तक्रार करणार आहे."

माझी अशील तेव्हा माझ्यासमोरच बसली होती. सकाळी दहापासून आम्ही दोघी सोमवारची तयारी करत होतो. चोवीस वर्षांची, अंगाने काडीसारखी, पण हातांची बोटं अशी स्थिर की बघत राहावं. कामावर तिला सगळे 'नवी' म्हणत, म्हणून मीही तेच म्हणू लागले होते. शेजारी तिची आई होती. घरी शिवणकाम करून तिने ही लेक शिकवली होती. नोकरीवरून काढल्याचं पत्र तिने प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून मांडीवर धरलं होतं, जसं काही ते पत्र पळून जाईल.

नवी दातांच्या लॅबमध्ये कामाला होती. डेंटिस्ट दाताचं माप पाठवतो, लॅब त्यावरून कॅप घडवते आणि तिचा रंग शेजारच्या खऱ्या दातांशी मिळवते. हे रंगकाम नवीचं. नोकरी सहा महिन्यांच्या प्रोबेशनवर. सहा महिने पुरे व्हायला दोन दिवस उरले असताना पत्र हातात पडलं: 'प्रोबेशनच्या काळातील आपले काम समाधानकारक न आढळल्याने आपली सेवा संपुष्टात आणण्यात येत आहे.' बस. एवढंच.

प्रोबेशनवरच्या माणसाला काढताना मालकाला फार कारणं द्यावी लागत नाहीत. एवढं ऐकूनच बरेच लोक माझ्या ऑफिसचा जिना उतरून जातात. पण त्यात एक मेख आहे. काम कशावरून वाईट ठरवलं ते मालकाला दाखवता आलं पाहिजे, आणि माणसावर ठपका ठेवायचा असेल तर त्याचं म्हणणं आधी ऐकलं पाहिजे. लॅबचं म्हणणं होतं की नवीने केलेल्या चौदा कॅप डेंटिस्टांकडून परत आल्या. त्या चौदांच्या चिठ्ठ्या एका फाइलीत होत्या. ती फाइल सोमवारी हजर करा, असा अर्ज मीच केला होता.

आणि आता फाइल नव्हती. वर माझीच अशील चोर.

मी फोन ठेवला आणि तिला सरळ विचारलं, "तू घेतलीस?" अशिलाला हा प्रश्न विचारू नये म्हणतात. मी विचारते.

"नाही."

"पत्र मिळाल्यानंतर लॅबमध्ये गेली होतीस?"

ती मग हळूच म्हणाली, "मंगळवारी गेले होते."

आईची मान झर्रकन वळली. लेकीने हे तिलाही सांगितलेलं नव्हतं.

२

"माझा ब्रश राहिला होता," नवी म्हणाली. "मास्तरांनी दिलेला. दुसऱ्या ब्रशने माझा हात चालत नाही. पाच मिनिटांत घेऊन निघाले. पॅकिंगच्या मावशींनी पाहिलं मला, बाकी कुणी नाही."

"मॅनेजरचं कपाट?"

"वाटेतच आहे."

आईने कपाळाला हात लावला. "अगं, आणि हे आत्ता सांगतेस?"

"तू चिडली असतीस."

"मग आता काय आरती ओवाळू?"

मी दोघींना थांबवलं. "मला एक सांग. चौदा कॅप परत आल्या हे तुला कधी कळलं?"

"तुमच्या ऑफिसात. त्यांचं उत्तर तुम्ही वाचून दाखवलंत तेव्हा. तोवर कुणी शब्दाने बोललं नाही." तिचा आवाज पहिल्यांदाच चढला. "बाई, माझं प्रत्येक काम मास्तरांच्या टेबलावरून जायचं. नवीन माणसाचं सहा महिने जातंच. जुन्यांचं थेट पॅकिंगला जातं. मास्तरांनी एकदाही माघारी पाठवलं नाही. मग वाईट कसं?"

मास्तर म्हणजे लॅबमधला सर्वांत जुना कारागीर. चौतीस वर्षं तिथेच; आता स्वतः कॅप घडवत नसत, फक्त नव्यांचं काम तपासत. त्यांचं नाव घेताना ती नकळत सावरून बसली.

मी मालकांना फोन लावला. माणूस व्यवहारी निघाला. "चोरीबिरी नको हो," ते म्हणाले. "डेंटिस्ट लोकांत बोभाटा झाला तर उद्या काम कोण पाठवेल? उद्या या तुम्ही. ज्याच्याशी बोलायचं त्याच्याशी बोला. पण संध्याकाळपर्यंत फाइल सापडली नाही, तर मेहुण्याला मी अडवणार नाही."

मॅनेजर त्यांचा मेहुणा होता हे मला तेव्हा कळलं.

३

लॅब म्हणजे तीन खोल्या. बाहेरच्या खोलीत पॅकिंग आणि मॅनेजरचं टेबल, मधल्या खोलीत भट्टी, आतल्या खोलीत खिडकीला लागून कारागिरांची टेबलं. धूळ चालत नाही म्हणून चपला-बूट दाराशी काढायचे. सगळे नुसत्या मोज्यांवर वावरत होते. मी नवीलाही बरोबर नेलं होतं. तिला बाहेर बाकावर बसवलं आणि आत गेले.

मॅनेजरने कपाट उघडून दाखवलं. फायली ओळीने उभ्या होत्या, एकीवरही नाव नव्हतं.

"नावं लिहिली की येणारा-जाणारा वाचतो," तो अभिमानाने म्हणाला. "माझी रंगांची पद्धत आहे. हिरवी बिलांची, निळी माणसांची, पांढरी रजेची, फिक्कट पिवळी परत आलेल्या मालाची. इथल्या माणसांना ठाऊक आहे, बाहेरच्याला पत्ता लागत नाही."

"आणि किल्ली?"

किल्ली दारामागच्या खिळ्याला लटकत होती. मी किल्लीकडे पाहिलं. तोच ओशाळला.

"तुमची भाची हेच काम शिकली आहे म्हणे," मी म्हटलं. हे मला नवीच्या आईने सांगितलं होतं. शिवण टाकायला येणाऱ्या बायकांना जगातलं सगळं ठाऊक असतं.

तो लाल झाला. "शिकली आहे. म्हणून काय? चौदा चिठ्ठ्या मी घरी बसून लिहिल्या का? आणि ती पोरगी फायलींशी खेळत होती, हे मी सिद्ध करतो. बुधवारी संध्याकाळी लॅब बंद करताना मला रजेची फाइल हवी होती. ती जागेवर नव्हती. गुरुवारी सकाळी बाकीचे यायच्या आधी कपाट उघडतो तर रजेची फाइल परत जागेवर आणि परतीची गायब! मंगळवारी ती इथे येऊन गेली. आता बोला."

मी बोलले. "रजेची फाइल मंगळवारी तिने नेली असं धरू. मग बुधवारी संध्याकाळनंतर ती परत कुणी ठेवली? त्यानंतर ती इथे आली होती?"

"नाही."

"आणि गुरुवारी तुम्ही कपाट उघडलंत त्याआधी लॅब कुणी उघडली?"

"मावशी, मास्तर आणि मी, तिघांकडे दाराची किल्ली असते. कोण आधी आलं ते..." बोलता बोलता तो थांबला. आपण काय म्हणालो हे त्याच्या ध्यानात आलं.

फाइल नेणारा माणूस बाहेरचा नव्हताच. तो त्या तिघांपैकी एक होता, आणि त्यातला एक माझ्यासमोर उभा राहून घाम पुसत होता.

४

पॅकिंगच्या मावशी हाताने काम करता करता बोलणाऱ्या बाई होत्या. लाल चिठ्ठीची पार्सलं एका खोक्यात, निळीची दुसऱ्यात, पिवळीची तिसऱ्यात, बघता बघता ढीग संपत होता.

"चिठ्ठ्या गेल्या तर गेल्या," त्या म्हणाल्या. "दात कुठे गेलेत?"

"म्हणजे?"

"कागद साहेबांकडे जातात, दात माझ्याकडे राहतात. डेंटिस्ट दात परत पाठवतो तेव्हाच चिठ्ठी पाठवतो ना. मला कुणी सांगितलं नाही टाकायला, म्हणून मी टाकले नाहीत." त्यांनी टेबलाखालून बिस्किटांचा एक जुना डबा काढला. आत चौदा इवल्या पिशव्या, प्रत्येकीत एक कॅप, वर नंबर आणि लॅबने पाठवल्याची तारीख.

मी त्या तारखांप्रमाणे टेबलावर मांडल्या. पहिल्या तीन महिन्यांतली एकही नव्हती. चौथ्या महिन्यापासून सुरुवात. मग आठवड्याला एक, कधी दोन. आणि मध्येच तीन आठवडे मोकळे.

"या तीन आठवड्यांत नवी रजेवर होती?"

"छे हो. उलट तेव्हाच काम जास्त होतं. ती एकटी उरापोटावर घेऊन करत होती. मास्तर नव्हते ना, लेकीच्या बाळंतपणाला गेले होते."

माझा हात पिशवीवर तसाच राहिला.

मी डबा घेऊन बाहेर बाकावर आले. तिथे चांगला उजेड होता. नवीने एकेक कॅप बोटांवर धरून पाहिली. पाच-सहा झाल्यावर तिच्या कपाळावर आठी पडली.

"ही माझीच आहे," ती म्हणाली. "घडण माझी, रंग माझा. पण वरचा हात माझा नाही. इथे बघा, मानेजवळ, हिरडीच्या कडेला. दात तिथे किंचित पिवळसर असतो, म्हणून शेवटी एक हलका हात देतात आणि पुन्हा भट्टीत घालतात. हा हलका नाही. हा तर..." ती पुढची कॅप बघू लागली, मग पुढची. सगळ्यांवर तेच.

"तो शेवटचा हात कोण देतं?"

तिने चौदाही पिशव्या डब्यात भरल्या. झाकण लावलं. डबा माझ्याकडे सरकवला.

"बाई, केस मागे घ्या," ती म्हणाली. "मला नाही लढायची."

५

"तुला चोर म्हणतायत," मी म्हटलं.

"म्हणू देत. मला ब्रश धरायला त्यांनी शिकवलं. पहिल्या महिन्यात माझे हात थरथरायचे, तर म्हणायचे, घाबरू नकोस, दात चावत नाहीत. ते मुद्दाम असं करणार नाहीत."

"मुद्दाम केलं असं मी कुठे म्हणाले?"

 मला तेव्हा सगळं कळलं होतं असं नाही. एक गोष्ट मात्र डोक्यात घोळत होती. फाइल चोरायला आलेला माणूस आधी चुकीची फाइल का नेतो? पिवळी हवी असताना पांढरी घेतो, घरी जाऊन उघडतो, चूक कळल्यावर परत आणून ठेवतो आणि मग पिवळी नेतो. मॅनेजरने ती चूक केली नसती, रंगांची पद्धत त्याचीच. दिवसभर रंगीत चिठ्ठ्यांवरून पार्सलं लावणाऱ्या मावशींनीही नाही. आणि नवी? दातांच्या सोळा छटा असलेल्या पट्टीवरून ज्यांची पोटं भरतात, त्यांना पांढरं आणि फिक्कट पिवळं वेगळं ओळखता येत नसेल तर कठीणच.

खरंच कठीण होतं.

मास्तर आतल्या खिडकीशी बसले होते. एकसष्ट वर्षांचे, सडपातळ, शर्टाला कडक इस्त्री. मला बघून उठले आणि स्वतःची खुर्ची पुढे केली. खाली माझं लक्ष गेलं. एका पायात काळा मोजा होता, दुसऱ्यात गडद निळा. माणूस इतका टापटीप, आणि मोजे असे.

मी इकडचं तिकडचं बोलले. नातू कसा आहे वगैरे. मग बॅगेतून माझ्या दोन फायली काढून टेबलावर ठेवल्या, एक पांढरी आणि एक फिक्कट पिवळी, आणि कागद शोधल्यासारखं करत म्हटलं, "मास्तर, ती पांढरी जरा देता?"

त्यांचा हात पुढे आला आणि दोन्हींच्या मध्ये थांबला. एक उचलली, उजेडाकडे कलती केली, आणि मला दिली.

पिवळी होती.

मी ती घेतली आणि दुसरी स्वतःच उचलली.  मग त्यांनीच चष्मा काढला.

"चुकलो ना?" त्यांनी विचारलं.

"हो."

"कळत नाही हो बाई. वाचता येतं, काम दिसतं, पण पिवळा कुठे जातो तेच कळत नाही. लावतो, तो दिसत नाही. मग वाटतं बसला नाही, आणखी थोडा लावतो." ते ब्रश पुसू लागले, कोरडाच होता तरी. "पोरीला काढली तेव्हा मनात शंका आली. परत आलेल्यांच्या चिठ्ठ्या एकदा बघू म्हटलं. पहिल्यांदा रजेची फाइल घरी नेली, म्हणजे बघा. मग ही. चौदा चिठ्ठ्या, चौदांवर एकच शेरा. मानेजवळ पिवळा फार."

"मग बोलला का नाहीत?"

"काल बोलणार होतो. काल झालं नाही, म्हटलं आज. मॅनेजर तिला चोर म्हणाले ते ऐकलं, मग तर फाइल परत ठेवायचीही हिंमत झाली नाही." त्यांनी ब्रश बाजूला ठेवला. "माझे वडील साठीत आंधळे झाले. काचबिंदू. शेवटची दहा वर्षं भिंत धरून चालायचे. मला वाटलं, आली आपली पाळी. डॉक्टरकडे गेलो तर ते तेच सांगणार. न गेलेलं बरं. चौतीस वर्षं नजरेवर खाल्लं, बाई. नजर गेली म्हणून कुणाला सांगू?"

टेबलाच्या खालच्या खणातून त्यांनी फाइल काढून माझ्यापुढे ठेवली. फिक्कट पिवळी. ठेवल्यावर त्यांनी असा श्वास सोडला की खांदे बोटभर खाली आले.

मागे दाराशी नवी उभी होती. किती वेळापासून, कोण जाणे. आता ही ओरडणार, रडणार, काय करणार याचा मला अंदाज येईना.

"मास्तर," ती म्हणाली, "डोळे दाखवलेत का?"

"नाही गं."

"मग उद्याच जायचं. मी येते."

६

शनिवारी डोळ्यांच्या दवाखान्यात आम्ही चौघं होतो. मास्तर, त्यांची बायको, नवी आणि मी. माझं तिथे काही काम नव्हतं. तरी गेले.

तपासणीला पाऊण तास लागला. डोळ्यांची डॉक्टर तरुण होती. तिने कागदावर चित्र काढून सांगितलं. "दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू आहे. चांगला पिकलाय. डोळ्यातलं भिंगच पिवळं पडलंय, मग पिवळ्यावर पिवळं कसं दिसणार? ऑपरेशन करून टाकू. एक डोळा या महिन्यात, दुसरा पुढच्या."

"आणि काचबिंदू?" मास्तरांनी विचारलं.

"काचबिंदू नाही."

"नीट पाहिलंत?"

"दाब पाहिला, नसही पाहिली. नाही."

"पण माझ्या वडिलांना..."

"काका, वडिलांना होता. तुम्हाला नाही."

मास्तर बाहेर येऊन बाकावर बसले आणि त्यांना हसू फुटलं. आवाज न करता, खांदे हलवत, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत ते हसत राहिले. त्यांच्या बायकोने त्यांच्या दंडावर एक चापट ठेवून दिली. "दोन वर्षं हा माणूस मला सांगतोय, दिवे मंद झालेत! घरातले सगळे दिवे मी बदलले. दोनदा!" आणि मग तीही त्यांच्या शेजारी बसून पदराने डोळे पुसू लागली. नवीने दोघांना पाणी आणून दिलं.

सोमवारी समेट अधिकाऱ्यांच्या खोलीत फार वेळ लागला नाही. मी चौदा चिठ्ठ्या आणि चौदा कॅप मांडल्या. मास्तरांनी स्वतः उभं राहून सांगितलं. मालकांनी मेहुण्याकडे असं पाहिलं की मला त्याची दया आली.

"परत आलेल्या कॅपबद्दल तिला एकदा तरी विचारलंत?" समेट अधिकाऱ्यांनी मॅनेजरला विचारलं.

"प्रोबेशनवर होती," तो म्हणाला. "सहा महिने झाले की काढणं अवघड होतं. म्हटलं, आत्ताच..."

"सोपं होतं म्हणून काढलंत."

त्याने मान खाली घातली. भाचीचा यात काही संबंध नव्हता, हेही तिथे कळलं. तिला केव्हाच दुसरीकडे नोकरी लागली होती. माणूस कपटी नव्हता, नुसता आळशी होता. त्याने नवीकडे वळून माफी मागितली. अडखळत मागितली, पण मागितली, आणि चोर हा शब्द परत घेतो असं लेखी दिलं.

करारात मी लिहवून घेतलं की काढल्याचं पत्र मागे घेतलं आहे, ते कधी दिलंच नव्हतं असं धरायचं, मधले दिवस नोकरीतच मोजायचे आणि आजपासून नोकरी कायम. मास्तरांना ऑपरेशनसाठी रजा. मग अधिकाऱ्यांनी नवीला विचारलं, "तुझं आणखी काही?"

"एक आहे," ती म्हणाली. "कॅप परत आली की चिठ्ठी त्याच दिवशी करणाऱ्याला दाखवायची. कुणीही असो. नवं, जुनं."

मालक म्हणाले, "लिहा." ते लगेच लिहिलं गेलं.

सह्या झाल्यावर आम्ही दोघी बाहेर जिन्यात आलो. आई घरी होती. शिवणाचं काम अडलं होतं म्हणून तिला येता आलं नव्हतं, आणि खरं सांगायचं तर येण्याचं धाडस झालं नव्हतं. नवीने फोन लावला. पलीकडून आईचा आवाज मलाही ऐकू येत होता.

"काय झालं?"

"पत्र मागे घेतलं, आई. नोकरी कायम केली."

पलीकडे काहीच नाही. नवीने फोन कानापासून दूर धरून पाहिला, बंद झाला की काय म्हणून.

"आई?"

"कधीपासून जायचं?"

"उद्यापासून."

 मग नाक ओढल्याचा आवाज आला आणि आई म्हणाली, "मग सकाळी डबा लागेल," आणि तिने फोन ठेवून दिला.